पाळीव कुत्र्याची नखे आणि त्यांची जिव्हाळी

महाराष्ट्राच्या ग्रामजीवनात कुत्र्याचे स्थान फार जुने आहे. दत्तात्रेयांच्या पायाशी तो आहे आणि खंडोबाच्या सोबतही आहे. धनगरांच्या मेंढवाड्याची राखण, खळ्यावरील धान्याचे रक्षण, रात्री वस्तीवर पहारा ही कामे त्याने पिढ्यान्‌पिढ्या बिनबोभाट केली. या कुत्र्याच्या नखांकडे मुद्दाम लक्ष द्यावे असे कोणाला कधी वाटले नाही आणि तशी गरजही पडली नाही. मेंढरांच्या कळपामागे दिवसाकाठी काही कोसांची रपेट करणाऱ्या कुत्र्याची नखे मुरमाड माळावर व खडकाळ पायवाटांवर आपोआप झिजत असत. जितकी वाढ तितकी झीज, असा मेळ निसर्गानेच घालून दिलेला होता.

हा मेळ आता अनेक घरांत मोडला आहे. शहरातील सदनिकेत पाळलेला कुत्रा गुळगुळीत फरशीवर वावरतो आणि सकाळ-संध्याकाळ थोडा वेळ बाहेर पडतो. तालुक्याच्या गावी किंवा शेतावरील घरीही परिस्थिती फारशी निराळी नाही, कारण तेथे कुत्रा दिवसभर साखळीला असतो. पश्चिम महाराष्ट्र आणि मराठवाडा या भागांत हौसेने पाळल्या जाणाऱ्या कारवान जातीच्या कुत्र्याची शरीरयष्टीच मुळी धावण्यासाठी घडलेली आहे. लांब पाय, खोल छाती, आत गेलेले पोट. असा कुत्रा दारातील खांबाला बांधून ठेवला म्हणजे त्याच्या स्वभावाची कोंडी होते, ती सहज दिसते. नखांचे वाढणे मात्र सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही.

कुत्रा माणसाप्रमाणे संपूर्ण तळपाय टेकून चालत नाही. तो बोटांवर चालतो. मांजराप्रमाणे त्याला नखे आत ओढून घेता येत नाहीत. नख वाढले की ते प्रत्येक पावलागणिक जमिनीवर आपटते आणि तो दाब बोटाच्या सांध्यावर मागे व वर ढकलला जातो. ही टोचणी टाळण्यासाठी कुत्रा शरीराचा भार मागे घेतो. हळूहळू बोटे फाकतात वा तिरपी होतात आणि पावलाचा आकार बिघडतो. शहाबादी फरशीवर अशा कुत्र्याचे पाय घसरतात. तो वयस्क असल्यास उठताबसताना त्याला विशेष त्रास होतो. वाढलेले नख गोणपाटात किंवा दाराच्या जाळीत अडकून मुळापासून उखडण्याचेही प्रकार घडतात.

सर्वांत दुर्लक्षित राहते ते पुढील पायांच्या आतल्या बाजूस, थोडे वर असणारे अंगठ्याचे नख. सर्वसाधारण कुत्र्याच्या पुढील प्रत्येक पायास ५ व मागील प्रत्येक पायास ४ अशी एकूण १८ नखे असतात. काही कुत्र्यांच्या मागील पायांसही असे वरचे नख असते आणि ‘वीसनखी’ म्हणून त्यांचे खेड्यात कौतुक होते. कौतुक होते, परंतु तपासणी होत नाही. हे नख जमिनीला टेकत नसल्यामुळे कधीच झिजत नाही. ते वळत वळत गोलाकार वाढते आणि अखेरीस पायाच्याच मांसात रुतते. कुत्रा ती जागा सतत चाटू लागतो, जखम चिघळते आणि पावसाळ्यात तीत अळ्या पडतात.

या दुखण्याचा परिणाम केवळ कुत्र्यापुरता राहत नाही. पायात नख रुतलेल्या कुत्र्याच्या पायाला घरातील मुलाने खेळता खेळता हात लावला, तर एरवी गरीब असलेला कुत्राही वेदनेने उलटून चावतो. मग तो ‘पिसाळला’ अशी आवई उठते. कधी त्याला वस्तीबाहेर सोडून दिले जाते, तर कधी त्याच्या जिवावरही बेतते. मुलाच्या जखमेकडे द्यावयाचे लक्ष मात्र या धांदलीत उशिराने दिले जाते. महिन्यातून एकदा काही मिनिटे खर्च करून टाळता येण्याजोगा हा अनर्थ आहे.

कायद्यानेही या बाबतीत पाळणाऱ्यावर जबाबदारी टाकली आहे. प्राण्यांना क्रूरतेने वागविण्यास प्रतिबंध करणाऱ्या १९६० च्या अधिनियमाच्या कलम ३ अन्वये, ज्याच्या ताब्यात प्राणी आहे त्याने त्याच्या सुस्थितीसाठी व त्यास अनावश्यक वेदना होऊ नयेत यासाठी सर्व वाजवी उपाय योजणे हे कर्तव्य ठरते. त्याच अधिनियमाच्या कलम ११ मध्ये, नेहमी साखळीने बांधलेल्या वा कोंडलेल्या कुत्र्यास वाजवी व्यायाम देण्यात हयगय करणे ही क्रूरता मानली आहे. ज्यांना हे कलम ठाऊक असावे अशा अनेकांच्या अंगणातही कुत्रा दिवसभर साखळीलाच असतो, हे येथे नमूद करणे भाग आहे. रोज कठीण जमिनीवर भरपूर चालणाऱ्या कुत्र्याची नखे पुष्कळ अंशी आपोआप आटोक्यात राहतात आणि कापण्याचे काम अंगठ्याच्या नखांपुरते उरते.

जिव्हाळी म्हणजे काय

नखाखालच्या सजीव व हळव्या भागाला मराठीत ‘जिव्हाळी’ असा नेमका शब्द आहे. स्वतःचे नख फार खोल कापले गेले म्हणजे ते जिव्हाळीला लागले असे घरोघरी म्हटले जाते. कुत्र्याच्या नखाची सारी मेख या एका शब्दात आहे. बाहेरचे कठीण कवच निर्जीव असते. ते कापल्याने वेदना होत नाही. त्याच्या आत, मुळाकडून टोकाकडे निमुळती होत गेलेली जिव्हाळी असते. तीत रक्तवाहिन्या व मज्जातंतू असतात आणि तिच्या आत बोटाचे अखेरचे हाड असते. म्हणून जिव्हाळी कापली गेल्यास रक्त येते व तीव्र कळ उठते आणि जखम फारच खोल गेल्यास तेथील संसर्ग हाडापर्यंत पोहोचू शकतो.

शिक्षकांना ही गोष्ट वर्गात समजावून देण्यासाठी कुत्रा आणण्याचे कारण नाही. प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या बोटाचे नख पाहावे. पुढे आलेला पांढरा भाग कापला तर दुखत नाही. गुलाबी भागापाशी कात्री गेली की हात आपोआप मागे येतो. कुत्र्याचे नख चपटे नसून नळीसारखे व बाकदार असल्यामुळे हीच सीमा त्यात आडवी न राहता आत दडलेली असते, एवढाच काय तो फरक.

पांढऱ्या वा फिकट नखात ही जिव्हाळी गुलाबी रेघेसारखी बाहेरूनच दिसते. पलीकडून विजेरीचा प्रकाश धरल्यास ती अधिक स्पष्ट होते. काळ्या नखात ती दिसत नाही आणि बहुतेकांचे हात कचरतात ते येथेच. अशा वेळी दोन खुणा उपयोगी पडतात. पहिली अशी की, नख खालच्या बाजूने पाहिले असता टोकाकडील भाग पन्हळीसारखा पोकळ दिसतो. हा पोकळ, आकड्यासारखा भाग कापण्यास सुरक्षित असतो. दुसरी खूण कापलेल्या तोंडावर दिसते. पातळ काप काढत गेल्यास आरंभी आतला भाग कोरडा, पांढुरका व भुरभुरीत असतो. पुढे मध्यभागी एक गडद, किंचित ओलसर चकाकी असलेला ठिपका दिसू लागतो. तो जिव्हाळीचा आरंभ होय आणि तेथे थांबावे. एखाद्या कुत्र्याची काही नखे काळी व एखादे पांढरे असेल, तर पांढऱ्या नखातील जिव्हाळीची लांबी पाहून शेजारच्या काळ्या नखाचा अंदाज बांधता येतो.

जिव्हाळीचा आणखी एक गुण आहे आणि तो ध्यानात न घेतल्यामुळेच घरगुती प्रयत्न फसतात. नख दीर्घ काळ न कापल्यास जिव्हाळीही नखाबरोबर पुढे वाढत जाते. वर्षभर वाढू दिलेले नख एकाच दिवशी योग्य लांबीवर आणू पाहणारा जिव्हाळीतच कात्री चालवितो. याउलट, नखाचे टोक थोडे थोडे आणि वारंवार कापले तर जिव्हाळी क्रमाक्रमाने मागे सरते.

साधने आणि पद्धत

यासाठी कुत्र्याच्या नखांकरिता मिळणारी, अर्धगोल पाती असलेली कात्री वापरावी. माणसांसाठीचे नेलकटर फार लहान पिलाच्या नखापुरतेच चालते. मोठ्या कुत्र्याचे जाड नख त्यात चिरडते व उभे फाटते. द्राक्षबागेतील सिकेटर, विळा, जुनी पक्कड ही अवजारे या कामाची नव्हेत. बारीक दातांची कानस हे मात्र अत्यंत उपयोगी व स्वस्त साधन आहे. काळ्या नखांच्या बाबतीत, किंवा ज्याला कात्री चालविण्याची धास्ती वाटते त्याने, केवळ कानशीनेच काम भागविले तरी चालते. वेळ अधिक लागतो, धोका कमी राहतो. हाताशी तुरटीची बारीक पूड, स्वच्छ कापूस व भरपूर उजेड असावा.

नख कापण्याची वेळ आली आहे किंवा नाही हे ओळखणे सोपे आहे. कुत्रा सपाट फरशीवर सरळ उभा असताना त्याच्या नखाखालून कागदाचा कपटा सहज सरकला पाहिजे. चालताना फरशीवर टकटक असा आवाज येत असल्यास नखे वाढली आहेत असे समजावे. साधारणपणे तीन ते चार आठवड्यांनी तपासणी करावी.

आंघोळीनंतर नखे किंचित मऊ असतात. तसेच फिरवून आणल्यावर कुत्रा शांत असतो. अशी वेळ निवडून त्यास न घसरणाऱ्या सतरंजीवर बसवावे अथवा कुशीवर निजवावे. पंजा हळुवार पण पक्का धरून अंगठ्याने बोटाच्या गादीवर किंचित दाब दिला की नख पुढे येते. नखांभोवतीचे केस बाजूला सारावेत. कात्री जिव्हाळीपासून निदान दोन मिलिमीटर पुढे ठेवून, नखाचे टोक सुमारे ४५ अंशांच्या तिरक्या रेषेत कापावे. पाय किंचित उचलून कापताना पुष्कळांची दिशा चुकते. नख उभे चेपले जाईल अशी कात्री धरू नये. शेवटी कडा कानशीने गुळगुळीत कराव्यात, अन्यथा तेच नख कुत्र्याच्या कानामागे व माणसाच्या हातावर ओरखडे काढते.

इतकी काळजी घेऊनही एखादे वेळी रक्त येते. अशा प्रसंगी ओरडू नये व धावाधाव करू नये, कारण मालकाच्या घाबरण्याने कुत्रा अधिक बिथरतो. कापसावर तुरटीची पूड घेऊन ती नखाच्या तोंडावर काही मिनिटे सतत दाबून धरावी. तुरटी नसल्यास मक्याचे पीठ किंवा मैदा चालतो. दर अर्ध्या मिनिटाने उचलून पाहण्याचा मोह टाळावा. रक्त थांबल्यावर कुत्र्यास काही तास माती-चिखलात जाऊ देऊ नये. दहा-पंधरा मिनिटे दाब देऊनही रक्त थांबत नसेल, तर ती केवळ नखाची गोष्ट समजू नये. गोचिडांमार्फत पसरणाऱ्या तापात रक्त गोठविणाऱ्या कणिका कमी होतात. उंदीर मारण्याचे काही प्रकारचे विष पोटात गेल्यानेही रक्त गोठत नाही. अशा कुत्र्यास त्वरित पशुवैद्यकाकडे न्यावे. नखाच्या एका चुकार कापामुळे मोठा आजार वेळीच उघडकीस येऊ शकतो.

सवय हाच खरा उपाय

वर सांगितलेली पद्धत वाचून कात्री हाती घेणाऱ्याला पहिल्याच दिवशी जो अडथळा येतो, तो नखाचा नसून कुत्र्याच्या भीतीचा असतो. पंजा धरून ठेवणे कोणत्याही कुत्र्यास मुळात आवडत नाही. चार माणसांनी त्यास जमिनीवर दाबून धरले तर त्या दिवशीचे काम उरकते, पण पुढच्या महिन्यात कात्री पाहताच तो खाटेखाली शिरतो आणि त्याच्या पुढच्या महिन्यात दात दाखवितो.

म्हणून पहिला आठवडा कात्रीविनाच जावा. दररोज कुत्र्याच्या चारही पंजांवरून हात फिरवावा, एकेक बोट हलकेच दाबावे आणि लगेच भाकरीचा तुकडा किंवा उकडलेल्या अंड्याचा लहानसा भाग द्यावा. बक्षीस म्हणून बेदाणे वा द्राक्षे देऊ नयेत. त्यांनी कुत्र्याचे मूत्रपिंड निकामी होऊ शकते, ही बाब द्राक्षे पिकविणाऱ्या जिल्ह्यांत तरी सर्वांना ठाऊक असणे इष्ट आहे. त्यानंतर काही दिवस कात्री नुसती जवळ ठेवावी, नखाला टेकवावी, तिचा आवाज ऐकवावा. मग एका दिवशी एकच नख कापावे आणि त्याला सोडून द्यावे. दररोज एक नख या हिशेबाने १८ दिवसांत एक फेरी पूर्ण होते आणि कोणाचेही काही अडत नाही. दोन महिन्यांच्या पिलापासून ही सवय लावल्यास पुढे बहुधा बळ वापरण्याची वेळ येत नाही.

कुत्रा चावण्यापूर्वी सहसा सूचना देतो. वारंवार ओठ चाटणे, जांभया देणे, तोंड फिरविणे, कान मागे पाडणे, अंग ताठ करणे, डोळ्यांचा पांढरा भाग दिसू लागणे ही त्याची भाषा आहे. त्यानंतर तो गुरगुरतो. गुरगुरण्याबद्दल त्यास मारणे हे मोठे अज्ञान होय. मार खाऊन तो गुरगुरणे सोडतो, चावणे सोडत नाही. ही लक्षणे दिसताच त्या दिवशीचे काम थांबवावे. अगदीच आवश्यक असेल तर मऊ कापडी पट्टीने तोंड काही मिनिटे बांधता येते. परंतु कुत्रा धापा टाकूनच अंगातील उष्णता बाहेर टाकत असल्यामुळे उन्हाच्या वेळी, तसेच चपट्या तोंडाच्या जातींच्या बाबतीत हा उपाय कटाक्षाने टाळावा. नख मांसात रुतलेले असेल, बोट सुजलेले असेल किंवा कुत्रा मुळीच हात लावू देत नसेल, तर घरी प्रयत्न न करता पशुवैद्यकीय दवाखान्यात जावे. तेथे गुंगी देऊन हे काम वेदनेवाचून करता येते. लहान मुलांकडे हे काम कधीही सोपवू नये.

चावा किंवा ओरखडा झाल्यास

ज्या कुत्र्याला अलर्क म्हणजेच रेबीजप्रतिबंधक लस नियमितपणे टोचलेली आहे, त्याचीच नखे घरी कापण्यास घ्यावीत. पिलास साधारणतः तीन महिन्यांचे असताना पहिली लस देतात व पुढे पशुवैद्यकाच्या सल्ल्याने ती नियमाने द्यावी लागते. तथापि लस टोचलेली आहे म्हणून जखमेकडे दुर्लक्ष करता येत नाही. कुत्रा आपले पंजे सतत चाटत असल्यामुळे त्याच्या नखांवर लाळ असू शकते. म्हणून नखाच्या ओरखड्यालाही चाव्याइतकेच गांभीर्याने घ्यावे लागते.

जखम साबण व वाहत्या पाण्याने सलग १५ मिनिटे धुवावी. घड्याळ लावून पाहिल्यास १५ मिनिटे किती दीर्घ असतात हे कळते. बहुतेक जण मिनिटा-दोन मिनिटांतच हात आवरता घेतात. त्यानंतर जंतुनाशक लावून विनाविलंब प्राथमिक आरोग्य केंद्रात जावे. तिखट, चुना, तेल यांपैकी काहीही जखमेवर लावू नये. प्रतिबंधक लस द्यावयाची किंवा कसे, तसेच जखमेत प्रतिपिंडांचे इंजेक्शन आवश्यक आहे काय, हे वैद्यकीय अधिकारी जखम पाहून ठरवितात. कुत्र्यास मारू नये वा हाकलून देऊ नये. तो १० दिवस नजरेखाली असणे उपचारांच्या दृष्टीनेही महत्त्वाचे असते. या रोगाची लक्षणे एकदा दिसू लागली की तो जवळजवळ नेहमीच प्राणघातक ठरतो, मात्र वेळेवर केलेल्या प्रतिबंधाने तो टळतो. ६ जुलै १८८५ रोजी लुई पाश्चर यांच्या देखरेखीखाली जोसेफ माइस्टर या नऊ वर्षांच्या मुलास पॅरिसमध्ये ही लस प्रथम दिली गेली आणि तो वाचला.

पाश्चर यांचा स्मृतिदिन, २८ सप्टेंबर, हा जागतिक रेबीज दिन म्हणून पाळला जातो आणि त्या सुमारास ठिकठिकाणी कुत्र्यांच्या लसीकरणाची शिबिरे होतात. ग्रामपंचायतीने अशा शिबिरात आणखी एक छोटे काम जोडून घेण्यासारखे आहे. लस टोचण्यासाठी कुत्रा हाती आलेलाच असतो. त्याच वेळी त्याच्या अंगठ्याची नखे पाहून घ्यावीत आणि पशुवैद्यकांनी एखाद्या शांत कुत्र्यावर नख कापण्याचे प्रात्यक्षिक जमलेल्या मालकांना दाखवावे. यासाठी निराळ्या निधीची गरज नाही. एक कात्री, एक कानस व थोडी तुरटी एवढ्या साहित्यात ते होते.

शिबिरात येणाऱ्या कुत्र्यांपैकी काहींची नखे वर्षानुवर्षे न कापलेली आढळतील. अशा कुत्र्यांच्या मालकांनी पहिल्या दिवशी केवळ टोके कापावीत आणि पुढे दर आठवड्यास एक पातळ काप किंवा कानशीचे चार-सहा हात एवढेच करावे. काही आठवडे हा क्रम नेटाने चालू ठेवल्यास जिव्हाळी मागे हटू लागते, पंजा सरळ टेकू लागतो आणि फरशीवरील टकटक कमी होते. म्हाताऱ्या कुत्र्याच्या बाबतीत याला अधिक अवधी लागतो. त्याचे चालणे कमी झालेले असते, नखे ठिसूळ झालेली असतात आणि दुखरे सांधे फार वेळ वाकवून धरणे त्यास सोसत नाही. म्हणून त्यास निजलेल्या स्थितीतच ठेवून एका बैठकीत एका पायाहून अधिक काम करू नये. अंगठ्याचे नख मात्र या काळात दर आठवड्यास पाहावेच लागते.